ओट्यावरचं बर्फाचं मशीन: पाणी कुठलं, किती, आणि बर्फ टिकवायचा कसा?

पेंचकाठ

नमस्कार मंडळी,

लेकीने घरी बर्फाचं मशीन पाठवलं आहे. नळाला जोडायची भानगड नाही, वरून पाणी ओतायचं आणि ओट्यावर चालवायचं, तसलं. खोक्यावर लिहिलंय: टाकी २ लिटर, चोवीस तासांत १२ किलो बर्फ, एका खेपेला नऊ नग, लहान-मोठा आकार बटणावर. सोबतच्या पुस्तिकेत 'पाणी भरा, सुरू करा' यापलीकडे काही धड लिहिलेलं नाही.

आमच्याकडे नळाला एक वेळ पाणी, वापरायला बोअर, प्यायला आरओ. यातलं मशीनला कुठलं घालू? टाकी गळ्यापर्यंत भरायची की खुणेपर्यंत? आणि मुख्य तक्रार म्हणजे टोपलीतला बर्फ थोड्या वेळात ओला होऊन बसतो, खालचा तर वितळूनच जातो. दुकानदाराला फोन केला तर म्हणे, "ताई, ते तसंच असतं." आता दुकानदार कशालाही तसंच असतं म्हणतात, म्हणून इथे विचारते. गॅस कमी असेल का?

येत्या शुक्रवारी चैत्रगौरीचं हळदीकुंकू आहे. चाळीसेक बायका येतील, पन्हं आणि आंब्याची डाळ. नागपूरचं चैत्रातलं ऊन काय असतं ते सांगायला नको. तोवर हे मशीन हाताळायला शिकायचं आहे.

रिकामा_कट्टा

फ्रीजरमध्ये चार ट्रे लावा, सकाळ-संध्याकाळ काढून पिशवीत भरा, मशीन लेकीला परत करा. ओट्यावर जागा काय फुकट मिळते का?

कॉम्प्रेसरवाला

ताई, दुकानदार या वेळी खरं बोलला. मी कोल्हापुरात फ्रीज-एसीची कामं करतो. उन्हाळा लागला की अशी मशीनं दुरुस्तीला येतात आणि त्यातल्या बऱ्याच मशीनांत बिघाड काहीच नसतो.

झाकण उघडून बघा. वर चकचकीत नऊ कांड्या खाली तोंड करून लोंबत असतात. पंप टाकीतलं पाणी उचलून त्यांच्या खालच्या छोट्या ट्रेमध्ये भरतो, कांड्या त्या पाण्यात बुडतात. कांड्यांच्या आत गॅस थंड होतो, तसा बर्फ कांडीभोवती बाहेरच्या अंगाला चढत जातो. म्हणून तुमचा प्रत्येक नग मधून पोकळ असतो. वेळ भरली की मशीन एक झडप उघडून कॉम्प्रेसरकडचा गरम गॅस त्याच कांड्यांत सोडतं. बर्फाची पकड सुटते, ट्रे कलतो, उरलेलं गार पाणी परत टाकीत जातं, नग खडखड करत पडतात आणि फावडं त्यांना टोपलीत ढकलतं. लहान आकार म्हणजे कांड्या कमी वेळ बुडवल्या, मोठा म्हणजे जास्त वेळ. एवढाच त्या बटणाचा अर्थ.

आता टोपली. तिला थंड करणारी नळी कुठेच नाही. भोवती थोडा फोम असतो, बस. हे मशीन बर्फ बनवतं, राखत नाही. टोपलीतला बर्फ वितळला की पाणी भोकांतून खालच्या टाकीत उतरतं आणि त्याचाच पुन्हा बर्फ होतो. गॅस अजिबात कमी नाही. गॅस कमी असता तर नग पडलेच नसते, किंवा कागदासारखे पातळ पडले असते.

भरायचं कसं ते सांगतो. आधी टाकीची निचऱ्याची बुचं घट्ट आहेत का बघा. ती तळाला किंवा मागच्या बाजूला असतात आणि नवीन मशीनमध्ये सैल राहिलेली असू शकतात, मग ओट्यावर तळं. टोपली उचलून बाजूला ठेवा आणि तांब्याने किंवा जगने थेट टाकीत ओता. कांड्यांवर, फावड्यावर ओतू नका. खुणेच्या वर भरलं तर पाणी टोपलीच्या बुडाला लागतं आणि तयार बर्फ पाण्यात भिजत पडतो. तुमचा खालचा थर वितळतोय त्याचं निम्मं कारण हेच असावं. मशीन पाणी भरलेलं असताना उचलून हलवायचं नाही.

मशीन कुरिअरने आलंय, म्हणजे वाटेत आडवं-तिडवं झालं असणार. सुरू करण्याआधी काही तास उभं ठेवायला पाहिजे होतं, कॉम्प्रेसरमधलं तेल जागेवर बसायला. पुस्तिकेत २ तासांपासून २४ तासांपर्यंत काहीही लिहिलेलं असतं, मी लोकांना रात्रभर ठेवा म्हणतो. पहिल्या दोन-तीन खेपांचा बर्फ टाकून द्या, प्लॅस्टिकचा वास असतो. आणि पहिले नग किडकिडीत आले तर घाबरू नका. टाकीतलं पाणी खेपेगणिक गार होत जातं, तसे नग भरदार होतात.

पेंचकाठ

दादा, एवढं नीट कोणी सांगितलं नव्हतं. खुणेचं खरं आहे, मी वरपर्यंत भरत होते.

@रिकामा_कट्टा, आमचा फ्रीज एका दाराचा आहे. वरच्या कप्प्यात मटार, किसलेलं ओलं खोबरं आणि नातवाचं आईस्क्रीम. चार ट्रे कुठे लावू?

टीडीएस_मास्तर

पाण्याबद्दल मी बोलतो, रसायनशास्त्र शिकवण्यात आयुष्य गेलं.

बोअरचं घालू नका. कारण चव नाही, कारण क्षार. पाणी गोठताना क्षारांना बर्फात सहज जागा मिळत नाही, ते उरलेल्या पाण्यात ढकलले जातात. कॉम्प्रेसरवाल्यांनी सांगितलं तसं ते उरलेलं पाणी परत टाकीत येतं. तुम्ही वरून भर घालता, पुन्हा गोठवता, पुन्हा क्षार मागे. दिवसअखेर टाकीत राहिलेलं पाणी सकाळी ओतलेल्या पाण्यापेक्षा जास्त क्षारांचं झालेलं असतं. मग कांड्यांवर पांढरी खपली, पंपाच्या जाळीत चुरा, आणि सरबताच्या पेल्यात बर्फ विरघळल्यावर तळाशी पांढरे कण. लोक त्याला प्लॅस्टिक समजतात. तो चुना आहे, कॅल्शियम कार्बोनेट.

म्हणून दोन गोष्टी. आरओचं किंवा गाळून उकळून गार केलेलं नळाचं पाणी वापरा. आणि टाकीत उरलेल्या पाण्यावर रोज भर घालत बसू नका. दिवसाचं काम झालं की बूच काढून टाकी रिकामी करा, ते पाणी झाडांना घाला, दुसऱ्या दिवशी ताजं भरा.

भारतीय मानकात पिण्याच्या पाण्यासाठी टीडीएस, म्हणजे पाण्यात विरघळलेले एकूण क्षार, ५०० मिलिग्रॅम प्रतिलिटरपर्यंत ठीक, आणि दुसरा स्रोतच नसेल तर २००० पर्यंत चालवून घ्या असं आहे. माणसाला चालतं म्हणून कांड्यांना चालेल असं नाही. उलट टोकही सांगतो: काही मशीनांत पाण्याची पातळी पाण्यातून वीज वाहते की नाही यावरून ओळखतात. त्यात डिस्टिल्ड वाटर घातलं तर भरलेल्या टाकीवरही 'पाणी घाला'चा लाल दिवा लागतो. घरच्या आरओने सहसा अडत नाही, अडलं तर त्यात थोडं नळाचं मिसळा.

उर्राक_सीझन

गोव्यातून हजेरी. आमच्याकडे मार्च ते मे या मशीनला श्वास घ्यायला फुरसत नसते, कारण नावातच आहे: उर्राक, म्हणजे काजूच्या बोंडांची उन्हाळी दारू. 😄

मला दोन शंका. हा बर्फ पांढुरका का येतो, बारमध्ये मिळतो तसा काचेसारखा का नाही? आणि पेल्यात घातला की भुर्रकन विरघळून उर्राक पाणचट करतो. उकळलेलं पाणी घातलं तर फरक पडेल का?

टीडीएस_मास्तर

उकळून फार फरक पडत नाही, करून बघा हवं तर. पाण्यात हवा विरघळलेली असते. गोठताना तीही क्षारांसारखी बाहेर ढकलली जाते, पण सात-आठ मिनिटांत बर्फ झाला तर तिला पळायला वेळच मिळत नाही, बुडबुडे जागीच अडकतात. पांढरेपणा त्यांचा. काचेसारखा बर्फ हवा तर पाणी एकाच बाजूने, सावकाश गोठायला हवं: लहान थर्मोकोलचा डबा, झाकण काढून, फ्रीजरमध्ये. वरून खाली गोठत जातं, हवा तळाच्या पाण्यात राहते, ते पूर्ण गोठायच्या आत बाहेर काढून तळ कापून टाकायचा. ते काम या मशीनचं नाही.

भुर्रकन विरघळण्याचं कारण दुहेरी. एक तर नग पोकळ, पृष्ठभाग जास्त. दुसरं, टोपलीतला बर्फ शून्य अंशाला असतो आणि ओला असतो. फ्रीजरमधला उणे १८ ला. तेवढ्या फरकात दर किलोमागे ३८ किलोज्यूल जास्तीचा गारवा असतो, म्हणजे बर्फ वितळताना जो ३३४ किलोज्यूल ओढून घेतो त्यात अकरा टक्क्यांची भर. शिवाय ओल्या बर्फासोबत जे पाणी पेल्यात जातं ते वेगळंच. त्यामुळे मशीनचा बर्फ रात्रभर फ्रीजरमध्ये ठेवून मग वापरा.

उर्राक_सीझन

ठेवला होता, सगळ्या पिशवीचा एक धोंडा झाला. नारळ फोडायच्या कोयत्याने फोडावा लागला.

एडिसनकर

टोपलीतून थेट पिशवीत भरलात तर धोंडाच होणार. ओले नग एकमेकांना चिकटतात. आम्ही इकडे न्यू जर्सीत असं करतो: टोपली सिंकमध्ये धरून दोन झटके द्यायचे, पाणी निथळतं. मग पसरट ताटात एकेरी थर करून तासभर फ्रीजरमध्ये, आणि कडक झाल्यावर झिपलॉकमध्ये. सुट्टे राहतात. मुठीने काढता येतात.

अजून एक. माझा मेहुणा इथून असंच एक मशीन पुण्याला घेऊन गेला. इथली वीज ११०-१२० व्होल्ट आणि ६० हर्ट्झ. त्याने मोठा स्टेपडाऊन ट्रान्सफॉर्मर लावला. व्होल्टेज जुळलं पण ट्रान्सफॉर्मर हर्ट्झ बदलत नाही, तिकडे ५० च मिळतात. मशीन घरघरतं, गरम होतं आणि बर्फ कमी देतं. कोणी 'बॅगेत जागा आहे, आणू का' म्हणालं तर नको म्हणा.

कॉम्प्रेसरवाला

बरोबर. ६० हर्ट्झचा कॉम्प्रेसर आणि पंखा ५० वर हळू फिरतो आणि वाइंडिंग, म्हणजे मोटरमधली तारेची गुंडाळी, तापतं. तिकडचं मशीन तिकडेच बरं.

रिकामा_कट्टा

बरं, मशीनने बर्फ करायचा, मग ताटात पसरून फ्रीजरमध्ये ठेवायचा, मग पिशवीत भरून पुन्हा फ्रीजरमध्ये. म्हणजे फ्रीजर लागतोच! मग ट्रेमध्ये काय वाईट होतं? आणि विजेचं बिल कोण भरणार, मास्तर?

टीडीएस_मास्तर

बिलाचा हिशेब करू. एक किलो पाणी ३५ अंशांवरून शून्यावर आणायला साधारण १४७ किलोज्यूल, आणि शून्यावरच्या पाण्याचा बर्फ करायला ३३४. मिळून ४८१. अशी मशीनं चालताना साधारण १०० ते १५० वॉट खातात. १२० धरले आणि तासाला अर्धा किलो बर्फ धरला तर किलोला पाव युनिटच्या आसपास. तुमच्या दराने गुणून बघा, घर विकावं लागत नाही.

ट्रे वाईट नाहीत. पण एका दाराच्या फ्रीजमध्ये कोमट पाण्याचे चार ट्रे एकदम ठेवले की तीन-चार तास तरी बर्फ होत नाही, आणि दर अर्ध्या तासाने पाणी पिणाऱ्यांच्या घरात दार उघडत राहतं. मशीन पहिला बर्फ दहा मिनिटांत देतं. घाईच्या वेळी ते उपयोगी आहे. वर्षातून दोनदा पाहुणे येत असतील तर मात्र मीही म्हणेन, घेऊ नका, पिशवीतला तयार बर्फ आणा.

डॉ_ओपीडी

पिशवीतला बर्फ आणताना तो खाण्याचाच आहे ना ते पाहा. मासे, दूध, औषधं थंड ठेवायचा बर्फ पिण्याच्या पाण्याचा असेलच असं नाही. २०१८ पासून न खाण्याच्या बर्फात निळा रंग घालायचा नियम आहे. लादी निळसर दिसली तर सरबतात नको. पांढरी दिसली म्हणून डोळे झाकून विश्वासही नको.

दुसरं, 'गोठल्यावर जंतू मरतात' हा समज काढून टाका. बरेच जंतू बर्फात तग धरतात आणि तुमच्या पन्ह्यात जागे होतात. कावीळ, टायफॉईड, जुलाब, सगळं बर्फातून येऊ शकतं. जे पाणी तुम्ही नातवाला पेल्यातून द्याल तेच मशीनमध्ये घाला. टोपलीत हात घालू नका, चमचा वापरा.

थोडं अवांतर: मशीन आल्यापासून घरात कोणी सारखा बर्फ कडाकडा चघळत असेल, विशेषतः बाई किंवा वाढत्या वयाची मुलगी, तर हिमोग्लोबिन आणि फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा) तपासून घ्या. बर्फ खाण्याची अनिवार इच्छा हे लोहाच्या कमतरतेचं लक्षण असू शकतं. माझ्याकडे अशा मुली येतात, आई सांगते 'दात खराब करतेय', आणि तपासणीत हिमोग्लोबिन ७ निघतं.

जुनीपानं

डॉक्टरांनी अवांतर केलंच आहे तर माझंही चालवून घ्या. १८३३ मध्ये बोस्टनहून 'टस्कनी' नावाचं जहाज गोठलेल्या तळ्यांतला बर्फ घेऊन कलकत्त्याला आलं. निघताना १८० टन होता, चार महिन्यांचा प्रवास करून सुमारे १०० टन शिल्लक होता. धंदा फ्रेडरिक ट्यूडरचा. पुढे मुंबईलाही तो बर्फ येऊ लागला आणि शेठ जमशेटजी जीजीभॉय यांनी मेजवानीत आईस्क्रीम वाढलं. त्यावर पाहुण्यांना सर्दी झाल्याची बातमी वर्तमानपत्रात आली होती! मद्रासचं आईस हाऊस अजून उभं आहे, तिथे आता विवेकानंदांचं स्मारक आहे. भुशात गुंडाळून विषुववृत्त दोनदा ओलांडलेला बर्फ टिकला, आणि आपण टोपलीतल्या बर्फावर अठ्ठावीस प्रतिसाद लिहिणार.

रिकामा_कट्टा

ते भुशात गुंडाळत होते. पेंचकाठताई, लाकडाचा भुसा आणा. 😜

पेंचकाठ

अहो, हळदीकुंकू तोंडावर आलंय! चाळीस पेले पन्ह्याला बर्फ किती लागेल, मशीन कधी लावू, ते सांगा कोणीतरी. आणि मशीन ठेवू कुठे? सध्या स्वयंपाकघरात खिडकीशी आहे, शेजारी गॅसची शेगडी.

कॉम्प्रेसरवाला

शेगडीशेजारून आधी हलवा ताई. एक म्हणजे मशीन मागून-बाजूने गरम हवा फेकतं, त्याला दोन्हीकडे वीतभर मोकळी जागा पाहिजे. भिंतीला टेकवलं की बर्फ लहान आणि उशिरा. दुसरं म्हणजे हल्लीच्या बऱ्याच मशीनांत आर ६००ए गॅस असतो, म्हणजे आयसोब्युटेन, ज्वालाग्राही. प्रमाण अगदी थोडं असतं, घाबरायचं काही नाही, पण जाळाशेजारी ठेवायचं कारणही नाही. मागच्या पट्टीवर लिहिलेलं असतं, बघा.

खिडकीचं उन्हही नको. टोपली भरली हे ओळखायला आत इन्फ्रारेडचा डोळा असतो, त्यावर थेट ऊन आलं की तो गोंधळतो. रिकाम्या टोपलीवरही 'भरली' दाखवून मशीन थांबतं. डोळ्यावर पाण्याचे थेंब किंवा क्षार बसले तरी तेच. ओल्या मऊ फडक्याने पुसायचं.

तुमच्याकडे कूलर असणार. कूलरच्या खोलीत ठेवा, फक्त पाण्याचे तुषार मशीनवर उडू देऊ नका. बाहेरची हवा ४२ असेल तर खोक्यावरचे १२ किलो विसरा. ते आकडे सुखाच्या हवेतले आहेत.

हिशेब असा: एक नग साधारण सहा ग्रॅम. पेल्याला पाच नग म्हणजे ३० ग्रॅम, चाळीस पेले म्हणजे १२०० ग्रॅम. दुसऱ्यांदा घेणाऱ्या, वितळणारा, मुलं पळवणार तो धरून अडीच किलो हाताशी ठेवा. तुमच्या हवेत तासाला साडेतीनशे-चारशे ग्रॅम पकडा, म्हणजे सात तासांचं काम. एकदम करू नका. बुधवारी रात्री साडेतीन तास आणि गुरुवारी रात्री तेवढंच. रात्रीची हवा गार, बर्फही चांगला पडतो. टोपलीत सहाशे-सातशे ग्रॅमच मावतात, म्हणून दीड-पावणेदोन तासांनी टोपली रिकामी करून एडिसनकरांच्या पद्धतीने फ्रीजरमध्ये. अडीच किलोला टाकी दोनदा भरावी लागेल, कारण तळाचं थोडं पाणी पंप उचलत नाही.

मटार दोन दिवस शेजारणीकडे पाठवा.

सांडगी_मिरची

@पेंचकाठ, पन्हं आदल्या दिवशी करून फ्रीजमध्ये गार करा, म्हणजे बर्फ फक्त तरंगायला लागेल. आणि पन्हं जरा दाट, गुळाला चढं ठेवा. पोकळ बर्फ पटकन सुटतो, शेवटच्या चार घोटांना बेचव लागतं. मी तर एक ट्रेभर पन्ह्याचेच खडे करते, वेलदोडा-केशर घालून, आणि मशीनच्या बर्फासोबत प्रत्येक पेल्यात एक टाकते.

पण ते ट्रेमध्येच हं! आमच्या भिशीतल्या एकीने मशीनच्या टाकीत कोकम सरबत ओतलं होतं, गुलाबी बर्फ व्हावा म्हणून.

कॉम्प्रेसरवाला

आई गं. साध्या पाण्याशिवाय काही घालायचं नाही. साखरेने पंप चिकटतो, ती नळी आतून धुता येत नाही, आणि दोन दिवसांत आंबट वास. सोडा नाही, दूध नाही, सरबत नाही.

सांडगी_मिरची

तिच्याकडे मुंग्यासुद्धा आल्या होत्या. मशीन आता माळ्यावर आहे.

पेंचकाठ

माठातलं पाणी घातलं तर? आरओचं भरून ठेवते त्यात. टाकीवरच्या नळाचं पाणी तर आत्ताच चहा टाकावा इतकं तापलेलं असतं.

टीडीएस_मास्तर

उत्तम! माझ्या डोक्यात आलं नव्हतं. कोरड्या हवेत माठ सहज दहा-बारा अंश उतरवतो, तेही विजेशिवाय. ३५ ऐवजी २५ अंशांचं पाणी घातलं तर किलोमागे ४२ किलोज्यूल वाचले, म्हणजे जवळजवळ नऊ टक्के. फ्रीजमधलं पाणी घातलं तर मशीनचं काम आणखी हलकं होतं, पण ती उष्णता तुमच्या फ्रीजने काढलेली असते, त्याचं मीटर चालूच. बऱ्याच पुस्तिकांत ३२ अंशांवरचं पाणी घालू नका असं असतं, म्हणून गच्चीवरच्या टाकीचं नकोच. माठाच्या तळाचा गाळ मात्र ओतू नका, पंपाची जाळी नाजूक असते.

उर्राक_सीझन

तुमचं बरं आहे. आमच्याकडे या दमट हवेत माठ नुसता घाम गाळतो, पाणी आहे तसंच.

एडिसनकर

सफाईचं कोणी बोललं नाही. इकडे लोक व्हिनेगर वापरतात, पण मला वास सहन होत नाही, सायट्रिक ॲसिड बरं.

टीडीएस_मास्तर

म्हणजे आपलं लिंबूफूल. लिटरभर पाण्यात एक मोठा चमचा विरघळवून टाकीत घाला, सफाईचं बटण असेल तर ते लावा. नसेल तर दोन-तीन खेपा बर्फ काढा आणि तो बर्फ फेकून द्या. मग साध्या पाण्याने दोन-तीनदा खळबळून टाका. तासण्या, तारेचा घासणा कांड्यांवर चालवू नका, मुलामा निघतो. आणि ब्लीच किंवा फरशीचं क्लोरीनवालं औषध लिंबूफुलासोबत चुकूनही एकत्र करू नका, क्लोरीन वायू सुटतो. कठीण पाणी वापरणाऱ्यांनी पंधरवड्याला, आरओवाल्यांनी महिन्याला केलं तरी पुरे.

नवीन_आयडी

वाचनमात्र होते, आज लिहितेय. माझ्या मशीनला टाकी भरलेली असूनही सारखा 'पाणी घाला' येतो. पाणी आरओचं, टीडीएस ६०. कधी चालतं, कधी नाही. वॉरंटी संपली.

कॉम्प्रेसरवाला

बंद करून प्लग काढा. टाकी पूर्ण रिकामी करा, तळाशी पंपाकडे जाणाऱ्या भोकावर जाळी असते ती जुन्या दातब्रशने साफ करा. आत तरंगणारा गट्टू असेल तर बोटाने वरखाली करून बघा, क्षाराने अडकलेला असतो. पुन्हा भरून पाच मिनिटांनी लावा. पंपाचा घुर्र आवाज येतो पण ट्रेमध्ये पाणी चढत नाही, असं असेल तर नळीत हवा अडकली आहे. भरून-रिकामं दोनदा केलं की सहसा सुटते. आवाजच येत नसेल तर पंप गेला. तो छोटा डीसी पंप असतो, सुट्टा मिळतो, कॉम्प्रेसर गेल्यासारखा खर्च नाही.

नवीन_आयडी

गट्टूच होता! पांढरा थर धरला होता. आरओ आता घेतलाय, आधी वर्षभर टँकरचं पाणी घालत होते. धन्यवाद दादा.

पेंचकाठ

मंडळी, अडीच किलो पुरला, थोडा उरलाही. सांडगी_मिरचीताईंच्या पन्ह्याच्या खड्यांचं फार कौतुक झालं, कृती सगळ्यांनी मागून नेली. एकदा मध्येच वीज गेली होती. आल्या आल्या मशीनने सुरू व्हायचा प्रयत्न केला, गुरगुरलं आणि थांबलं. मग दहा मिनिटांनी आपोआप चालू झालं. यात काही बिघडलं नसेल ना? इन्व्हर्टरवर लावलं तर चालेल का?

कॉम्प्रेसरवाला

वीज गेल्यावर कॉम्प्रेसरच्या दोन बाजूंचा दाब समान व्हायला वेळ लागतो. लगेच सुरू केला तर जोर करूनही फिरत नाही, तापतो आणि सुरक्षा-स्विच त्याला तोडतो. त्या स्विचने त्याचं काम केलं, बिघडलं काही नाही. पण पुन्हा पुन्हा होऊ देऊ नका. वीज गेली की मशीनचं बटण बंद करा, आल्यावर पाच मिनिटांनी लावा.

इन्व्हर्टर साइन वेव्ह असेल तर लावू शकता. जुना स्क्वेअर वेव्हवाला असेल तर नको, मोटर तापते. वॉट कमी दिसतात पण सुरू होताना कॉम्प्रेसर क्षणभर कित्येक पट करंट ओढतो. बॅटरी पंख्यांना ठेवा.

रिकामा_कट्टा

एवढं वाचून माझी बायको म्हणतेय आपणही घेऊ. दुकानात गेलो तर बघायचं काय? (हसू नका.)

कॉम्प्रेसरवाला

😂 हसत नाही. निचऱ्याचं बूच बाजूला किंवा मागे असलेलं घ्या. तळाला असलं तर दर वेळी भरलेलं मशीन सिंकवर उचलून धरावं लागतं, कंबर धरते. टोपली आणि फावडं सुट्टं मिळतं का विचारा, आधी तेच मोडतं. पट्टीवर २२०-२४० व्होल्ट, ५० हर्ट्झ लिहिलंय ना ते बघा. दुकानात चालवून दाखवा म्हणा आणि आवाज ऐका. नग पडताना खडखडतंच, पण कॉम्प्रेसरचा सतत थडथडाट नको. झाकण पारदर्शक असलं तर आत बघायला सारखं उघडावं लागत नाही. अंकांचा डिस्प्ले, घड्याळ असल्या गोष्टींना जास्त पैसे देऊ नका.

रिकामा_कट्टा

आणि उन्हाळा संपल्यावर?

कॉम्प्रेसरवाला

लिंबूफुलाने साफ करा, टाकी रिकामी करा, बुचं उघडी आणि झाकण वर ठेवून दोन दिवस वाळू द्या. आतला ओलावा फडक्याने टिपा, पावसाळ्यात बुरशी पहिली पंपाच्या कोपऱ्यात धरते. मग बुचं लावून खोक्यात उभंच ठेवा. खोक्यावरचा बाण वर.